राणीचे खिळे, साधूंचा छापखाना आणि "आयरिश" म्हणजे नक्की कोण

१५६७ सालातला एक हिशोब आहे. इंग्लंडच्या पहिल्या एलिझाबेथ राणीने आयर्लंडमधल्या बिशपांना ६६ पौंड १३ शिलिंग ४ पेन्स दिले होते, कशासाठी तर आयरिश अक्षरांचे खिळे, म्हणजे छपाईची धातूची अक्षरं, पाडून बायबलचा नवा करार त्या भाषेत छापायला. काम काही पुढे सरकेना म्हणून तंबी मिळाली की लवकर छापा नाहीतर पैसे परत करा. तो नवा करार छापून हातात आला १६०२-०३ च्या सुमाराला, म्हणजे राणीच्या अगदी शेवटच्या दिवसांत! मधे भाषांतर करणाऱ्यांपैकी एका बिशपाचा १५८५ मध्ये खून पण झाला, धर्मावरून वगैरे नाही, व्यभिचाराच्या केसमध्ये ज्याला बोलावलं होतं त्याने भोसकलं.

आता गंमत अशी की याच इंग्रज सरकारने १५३७ मध्ये कायदा केला होता की आयर्लंडमधल्या लोकांनी इंग्रजी बोलावं आणि इंग्रजी पद्धतीने राहावं. पण राणीच्या प्रोटेस्टंट पंथाचं म्हणणं की देवाचा शब्द लोकांना आपल्या भाषेत कळला पाहिजे. मग करायचं काय? भाषा मारायची पण आहे आणि त्याच भाषेत धर्म शिकवायचा पण आहे. या गोंधळातून आयरिश छपाई सुरू झाली.

डब्लिनमध्ये पहिलं पुस्तक छापलं गेलं १५५१ मध्ये, प्रार्थनेचं, आणि अर्थातच इंग्रजीत. गेलिक (आयर्लंड-स्कॉटलंडची जुनी सामाईक भाषा, आयरिश त्यातलीच) भाषेतलं पहिलं छापील पुस्तक तर आयर्लंडमध्ये झालंच नाही, ते १५६७ मध्ये एडिंबरामध्ये साध्या रोमन अक्षरांत निघालं. म्हणजे वेगळी अक्षरं लागतातच असं काही नव्हतं. तरी राणीच्या पैशातून खिळे बनले, आणि ते पण पूर्ण नाही, बरीचशी अक्षरं नेहमीची रोमन-इटालिक आणि जी आयरिश हस्तलिखितात अगदी वेगळी दिसतात तेवढीच मुद्दाम कोरलेली. वर टिंबं. आयरिशमध्ये व्यंजन मऊ झालं की त्याच्यावर टिंब देतात, म्हणजे ब वर टिंब दिलं की उच्चार व च्या जवळ जातो. आपल्याला अक्षरावरच्या टिंबाचं महत्त्व वेगळं सांगायला नको.

१५७१ मध्ये या खिळ्यांनी शॉन ओ कार्नी या केंब्रिजला शिकलेल्या माणसाने मुळाक्षरं आणि धर्म शिकवणारी प्रश्नोत्तरी असं छोटं पुस्तक काढलं, डब्लिनच्या एका श्रीमंत नगरसेवकाच्या खर्चाने, प्रती फक्त २००. त्याच साली त्याच खिळ्यांनी एका सुट्या कागदावर कविता पण छापली, आणि कवी कोण तर फिलिप बॉख्त ओ हिगिन, जवळपास शंभर वर्षांपूर्वीचा कॅथलिक फ्रान्सिस्कन साधू. ज्यांना प्रोटेस्टंट करायचं त्या कॅथलिकांचाच कवी घ्यावा लागला, कारण लोकांच्या कानाला गोड लागणारं आयरिश दुसरीकडे मिळणार कुठे.

१६०७ मध्ये अल्स्टरचे, म्हणजे उत्तर आयर्लंडचे, मोठे सरदार देश सोडून युरोपात गेले आणि त्यांच्या जमिनींवर इंग्लंड-स्कॉटलंडहून लोक आणून वसवायला सुरुवात झाली. त्याच साली तेव्हाच्या स्पॅनिश नेदरलँड्समधल्या लूवेन गावात आयरिश फ्रान्सिस्कन साधूंचं सेंट अँथनी कॉलेज उभं राहिलं. यांनी राणीचीच युक्ती उचलली. १६११ मध्ये अँटवर्पमध्ये कॅथलिक प्रश्नोत्तरी छापून घेतली आणि मग १६१४ च्या सुमाराला लूवेनमध्ये स्वतःचा छापखाना टाकला. यांची अक्षरं मात्र खरोखर आयरिश हस्ताक्षरावरून घडवलेली होती. नंतर इंग्लंडमध्ये एक कथा पसरली की राणीचे खिळे जेझुइटांनी (कॅथलिक पाद्र्यांचा एक संघ) पळवून युरोपात नेले, पण लूवेनची अक्षरं नुसती शेजारी ठेवून बघितली तरी कळतं की घडण वेगळी आहे.

(लूवेनहून १६१६ मध्ये एक मोठं भक्तिपर पुस्तक निघालं, आणि त्याच साली गोव्यात रायतूरला थॉमस स्टीफन्सचं क्रिस्तपुराण छापलं गेलं. मराठी ओव्या, पण अक्षरं रोमन. संबंध काही नाही, पण परक्या राजवटीत आपली भाषा पहिल्यांदा छापली जाते ती धर्मासाठी हे दोन्हीकडे सारखंच.)

लूवेनच्या या साधूंमधला इयू मॅक आंगल नावाचा लेखक १६१८ च्या पुस्तकात जवळजवळ माफीच मागतो. आम्ही या भाषेचा रीतसर अभ्यास केलेला नाही, तरी लिहितोय, कारण आम्हाला आयरिश शिकवायची नाहीये, पश्चात्ताप शिकवायचाय. हे वाचून मला तो माणूस एकदम आवडला. जुने दरबारी कवी इतकी अवघड भाषा वापरायचे की साध्या माणसाला कळणं मुश्किल, आणि छपाईने पहिल्यांदा साधं गद्य आणलं.

आता ओळखीचा मुद्दा. तोपर्यंत आयर्लंडमध्ये दोन शब्द होते, गेल म्हणजे मूळचे आणि गॉल म्हणजे परके. बाराव्या शतकात आलेले नॉर्मन-इंग्रज चारशे वर्षं राहिले, आयरिश बोलायला लागले, कॅथलिकच राहिले, तरी गॉलच. मग प्रोटेस्टंट नवे इंग्रज आले आणि त्यांनी दोघांनाही एकाच काठीने हाकलं. त्यात इंग्रजी छापील पुस्तकांचा मारा, १५७७ चा होलिनशेडचा इतिहास, १५८१ ची डेरिकची लाकडी ठशांची चित्रं, त्यात आयरिश सरदार उघड्यावर बसून जेवतायत वगैरे, आणि कवी स्पेन्सरचं आयर्लंडवरचं लिखाण, जे १५९६ च्या सुमाराला लिहिलं पण छापलं १६३३ मध्ये, डब्लिनलाच.

याला उत्तर दिलं जेफ्री कीटिंगने. टिपेररीचा पाद्री, फ्रान्समध्ये शिकलेला, आणि आडनावच सांगतं की जुन्या परक्यांच्या, म्हणजे त्या नॉर्मन-इंग्रजांच्या, वंशातला. १६३४ च्या आसपास त्याने आयर्लंडचा इतिहास आयरिशमध्ये लिहून पूर्ण केला आणि प्रस्तावनेत या सगळ्या लेखकांना धुऊन काढलं. म्हणतो हे लोक शेणकिड्यासारखे आहेत, उन्हाळ्यात डोकं वर करून भिरभिरत निघतो, आजूबाजूला गुलाब आहेत, लिली आहेत, एकाकडे वळत नाही, घोड्याचं नाहीतर गाईचं शेण सापडलं की त्यात लोळतो. गरिबांच्या, म्हाताऱ्या बायांच्या चालीरीती लिहिल्या आणि मठ बांधणाऱ्या, विद्वानांना पोसणाऱ्या सरदारांबद्दल एक ओळ नाही. आणि पुढे म्हणतो की मी स्वतः जुन्या परक्यांच्या वंशातला, गेल लोकांची तरफदारी करायचं मला कारणच नाही, म्हणून माझ्यावर विश्वास ठेवा. वकिली डोकं आहे हो! त्याच्या लिखाणात गेल आणि जुने परके दोघांना मिळून एकच शब्द येतो, एरनाख, म्हणजे आयर्लंडचा माणूस. कॅथलिक मात्र हवा, ती अट न बोलता आहेच, नवे इंग्रज त्यात बसत नाहीत.

पण हे पुस्तक छापलंच गेलं नाही. आयर्लंडमध्ये छपाई सरकारच्या मुठीत, त्यामुळे लोकांनी ते हाताने उतरवून काढलं, एकाने दुसऱ्याचं, दुसऱ्याने तिसऱ्याचं, आणि हे पार एकोणिसाव्या शतकापर्यंत चालू होतं. १७२३ मध्ये इंग्रजी भाषांतर छापलं, आणि मूळ आयरिश पूर्ण छापून व्हायला १९०२ ते १९१४ लागले.

लूवेनचा साधू मीहॉल ओ क्लेरी याची गोष्ट पण तशीच. त्याला १६२६ मध्ये संतचरित्रं गोळा करायला आयर्लंडला परत पाठवलं, तो गावोगाव जुनी हस्तलिखितं उतरवत फिरला आणि १६३२ ते १६३६ मध्ये डोनेगलच्या बाजूला बसून सोबत्यांबरोबर वर्षवार इतिहास तयार केला, त्यालाच चार गुरूंची बखर म्हणतात. त्याच्या हयातीत छापून आला तो फक्त त्याचा शब्दकोश, १६४३ मध्ये. बखर पूर्ण छापली जॉन ओडोनोव्हनने, १८४८ ते १८५१, सात खंड, एका बाजूला आयरिश आणि समोर इंग्रजी, आणि नेमकी ती आयर्लंडच्या मोठ्या दुष्काळाची वर्षं, ज्यात आयरिश बोलणारी गावंच्या गावं मेली नाहीतर बोटीत बसून अमेरिकेला गेली.