आयरिश कादंबरी: लंडनची छपाई आणि जपणुकीची पार्श्वभूमी

अठराव्या शतकात डब्लिनचे छापखाने एका कायदेशीर फटीवर जगत होते. इंग्लंडचा १७१० चा स्वामित्वहक्क कायदा आयर्लंडला लागू नव्हता. लंडनला पुस्तक गाजलं की डब्लिनमध्ये त्याची स्वस्त आवृत्ती निघे. १८०१ साली आयर्लंड ब्रिटनमध्ये विलीन झालं, त्याच वर्षी हा हक्क तिथेही लागू झाला आणि तो धंदा बसला. मात्र त्याच १८०१ च्या कायद्याने ब्रिटनमध्ये छापल्या जाणाऱ्या पुस्तकांची प्रत मोफत मिळवण्याचा अधिकार डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजला दिला. शहरातली छपाई गेली, पण ग्रंथालय भरू लागलं. आयरिश लेखन पुढे कसं टिकलं हे समजून घ्यायचं तर या दोन्ही गोष्टी एकत्रच पाहाव्या लागतात.

सुमारे तीस वर्षांनी डब्लिनमध्ये पुन्हा हालचाल झाली. विल्यम कार्लटनच्या शेतकरी जीवनावरच्या कथा १८३० मध्ये तिथेच छापल्या गेल्या, आणि १८३३ मध्ये 'डब्लिन युनिव्हर्सिटी मॅगझिन' सुरू झालं. भूतकथांसाठी ओळखला जाणारा आयरिश लेखक शेरिडन ले फानू याची पहिली कथा १८३८ साली याच मासिकात आली. पुढे १८६१ मध्ये त्याने ते विकतच घेतलं आणि आपल्या कादंबऱ्या त्यात क्रमशः छापल्या. तरीही पुस्तक म्हणून खप हवा असेल तर लंडनचा प्रकाशक लागे. बेंटली या प्रकाशकाची अट अशी होती की कथानक इंग्लंडमधलं आणि चालू काळातलं हवं. ले फानूची 'अंकल सायलस' (१८६४) ही कादंबरी आयर्लंडऐवजी डर्बीशायरमध्ये घडते, ती त्यामुळेच. ले फानूच्या लेखनातला हा सगळ्यात दुखरा भाग मला वाटतो.

लंडनमध्ये तेव्हा नवी कादंबरी तीन खंडांत निघे. किंमत साडेएकतीस शिलिंग, म्हणजे सामान्य घराच्या आवाक्याबाहेर. लोक ती म्यूडीच्या वाचनालयातून आणत. वर्षाची वर्गणी एक गिनी, म्हणजे एकवीस शिलिंग. एकेका शीर्षकाच्या शेकडो प्रती तिथे जात, हातोहात फिरून झिजत, मग जुन्या म्हणून विकल्या जात. घरात कपाटात ठेवायला ती फारशी कुणी विकत घेतच नसे. म्हणूनच त्या काळी खूप वाचल्या गेलेल्या कादंबऱ्यांच्याही स्वच्छ प्रती पुढे मिळेनाशा झाल्या. १८९४ साली मोठ्या वाचनालयांनीच या महागड्या खंडांना नकार दिला आणि ती पद्धत संपली. त्यातच कागद बदलला होता. चिंध्यांच्या कागदाची जागा लाकडाच्या लगद्याने घेतली. त्यातल्या आम्लाने पानं तपकिरी पडतात आणि दुमडली की तुटतात.

मासिकांतल्या लेखनाचं दुखणं वेगळं होतं. त्यावर नाव नसे. ले फानू १८७३ मध्ये गेला, तेव्हा त्याच्या कितीतरी कथा जुन्या अंकांत बेवारशी पडून होत्या. स्वतः भूतकथा लिहिणाऱ्या एम. आर. जेम्सने त्या शोधून, लेखनशैली ओळखून, १९२३ साली 'मॅडम क्राउल्स घोस्ट' या संग्रहात आणल्या. ले फानू आज वाचला जातो, त्याचं मोठं श्रेय मी जेम्सच्या चिकाटीला देतो.

पुस्तकांसाठी असंच काम मायकेल सॅडलियर या प्रकाशकाने केलं. मूळ कापडी बांधणीतल्या कादंबऱ्या त्याने आयुष्यभर गोळा केल्या आणि १९५१ साली त्यांची दोन खंडांची सूची छापली. पुढच्याच वर्षी तो संग्रह लॉस एंजेलिसच्या विद्यापीठाने घेतला. हार्वर्डचे इतिहासकार रॉबर्ट ली वुल्फ याच वाटेने गेले. त्यांनी आयरिश लेखकांची स्वतंत्र निवड केली, आणि १९७०च्या दशकाच्या अखेरीस न्यूयॉर्कच्या गारलंड प्रकाशनाने २२ लेखकांच्या ७७ कादंबऱ्या आणि कथासंग्रह मूळ आवृत्त्यांवरून जसेच्या तसे पुन्हा छापले.