पोटातल्या बाळाच्या मूत्रपिंडाची सूज: शस्त्रक्रियेच्या घाईपासून देखरेखीपर्यंत

शंभरातल्या एक-दोन गरोदरपणांत सोनोग्राफीवर बाळाच्या मूत्रपिंडात लघवी साचून ते फुगलेले दिसते. अहवालात ‘हायड्रोनेफ्रोसिस’ वाचून आईवडील हादरतात. त्यांना सर्वांत आधी कळायला हवे की यातली बरीचशी सूज, विशेषतः सौम्य असेल तर, शस्त्रक्रियेविना ओसरते. डॉक्टरांनाही हे उमगायला बराच काळ लागला.

सोनोग्राफीपूर्वी असे मूल डॉक्टरांकडे यायचे ते पोटात गाठ लागली, लघवीत रक्त दिसले किंवा जंतुसंसर्गाने ताप चढला तेव्हा. म्हणजे आजारी मुलेच समोर यायची आणि त्यांना शस्त्रक्रिया लागायची. मूत्रपिंड आणि मूत्रवाहिनी यांच्या सांध्यातला अरुंद भाग कापून पुन्हा जोडण्याची अँडरसन आणि हाइन्स यांची पद्धत 1949 सालची. पायलोप्लास्टी नावाची ही शस्त्रक्रिया आजही मुख्यतः तशीच होते.

1958 मध्ये ग्लासगोचे इयान डोनाल्ड आणि सहकाऱ्यांनी ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात अल्ट्रासाउंडवरचा, म्हणजे सोनोग्राफीच्या तंत्रावरचा, निबंध छापला. सत्तरच्या दशकात यंत्रे सुधारली, गर्भाची मूत्रपिंडे दिसू लागली. ऐंशीच्या दशकात गरोदरपणातली सोनोग्राफी अनेक देशांत नित्याची झाली आणि कसलाही त्रास नसलेली, पण मूत्रपिंड फुगलेली बाळे मोठ्या संख्येने समोर आली. त्यांना जुनाच हिशेब लावला गेला: सूज आहे म्हणजे अडथळा आहे, तो लगेच काढा. अनेक तान्ह्या बाळांवर शस्त्रक्रिया झाल्या. त्यातल्या कितींना ती खरोखर हवी होती, हा प्रश्न मला फार अस्वस्थ करतो.

काहींनी तर जन्माचीही वाट पाहिली नाही. 1981 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत मायकल हॅरिसन यांच्या चमूने गर्भाशय उघडून दोन्ही मूत्रपिंडे तुंबलेल्या गर्भावर शस्त्रक्रिया केली. बाळ जन्मानंतर वाचले नाही. या घाईमागे कारण होते: गरोदरपणाच्या उत्तरार्धात गर्भजल बहुतांशी बाळाच्या लघवीचेच असते. ते आटले की फुप्फुसेही वाढत नाहीत. मूत्राशयातून गर्भजलात नळी बसवण्याच्या उपायाची ब्रिटनमधली ‘प्लूटो’ चाचणी 2013 मध्ये प्रसिद्ध झाली. पुरेशा स्त्रिया न मिळाल्याने ती 31 जणींवरच थांबली होती. नळीने जगण्याची शक्यता वाढत असावी असे दिसले, पण वाचलेल्या बाळांचीही मूत्रपिंडे दुबळीच राहिली.

खरा बदल घडवला तो वाट पाहणाऱ्यांनी. लंडनच्या ग्रेट ऑर्मंड स्ट्रीट रुग्णालयातल्या डॉक्टरांनी आणि अमेरिकेत स्टीफन कॉफ यांनी, सुजलेले मूत्रपिंड चांगले काम करत असेल तर हात न लावता बाळावर लक्ष ठेवले. बहुतेकांना शस्त्रक्रिया लागली नाही. हे धाडस शक्य झाले ते आयसोटोप स्कॅनमुळे, म्हणजे किंचित किरणोत्सारी द्रव्य टोचून केलेल्या तपासणीमुळे: लघवी वाढवणारे औषध देऊन लघवी किती वेगाने निचरते आणि प्रत्येक मूत्रपिंड कामाचा किती वाटा उचलते, हे त्यात मोजता येते.

मग मोजमाप ठरले. 1993 मध्ये सुजेच्या श्रेणी आल्या, 2014 मध्ये सहमतीचे वर्गीकरण: मूत्रपिंडातल्या पोकळीची रुंदी 28 आठवड्यांपूर्वी 4 मिलिमीटर, त्यानंतर 7 आणि जन्मानंतर 10 मिलिमीटर वा अधिक असेल तर पाठपुरावा करायचा. जन्मानंतरची सोनोग्राफी सहसा 48 तासांनी करतात, कारण सुरुवातीला लघवी कमी होते आणि सूज खरी आहे त्याहून लहान दिसते. अपवाद एक, आणि तो कुणी विसरू नये: मुलगा, दोन्ही मूत्रपिंडांना सूज, मूत्राशय तट्ट फुगलेला. अशा वेळी मूत्रमार्गात लघवी अडवणारी झडप असण्याची शंका घेऊन तपासणी तातडीने करावी लागते.

संसर्ग टाळण्यासाठी बाळाला रोज थोडे प्रतिजैविक द्यावे का, यावर अजून एकमत नाही. तीव्र सूज असल्यास अनेक डॉक्टर ते देतात, सौम्य सुजेत बहुतेक टाळतात.