भवभूतीचा राम आणि छोटा पडदा

ग्वाल्हेरहून झाशीकडे जाताना डबऱ्याच्या पुढे आडबाजूला पवाया आहे. सिंध-पार्वतीच्या संगमावरचं हे गाव म्हणजे भवभूतीच्या ‘मालतीमाधव’ नाटकातली पद्मावती नगरी, ग्वाल्हेर संस्थानच्या काळात पुरातत्त्वज्ञ मो. ब. गर्दे यांनी इथे उत्खनन केलं. आठव्या शतकातला हा संस्कृत नाटककार मूळचा विदर्भातला. त्यामुळे ग्वाल्हेरच्या लश्कर भागातल्या मराठी माणसाला तो दोन्हीकडून आपला वाटतो, आणि त्याचं ‘उत्तररामचरित’ हे नाटक टीव्हीवर कसं यावं हा प्रश्नही जिव्हाळ्याचा होतो.

या नाटकातला राम स्वतःला माफ करत नाही. पहिल्या अंकात सीता त्याच्या हातावर डोकं ठेवून झोपली आहे, दुर्मुख हा हेर तिच्याबद्दलचा लोकापवाद सांगून गेला आहे. राम म्हणतो, ‘अयि मुग्धे, विमुञ्च माम्’: वेडे, सोड मला, चंदन समजून तू विषवृक्षाला बिलगलीस. मग तिचे पाय मस्तकी लावतो आणि निघतो. कॅमेऱ्याने याहून जवळ जावं असा प्रसंग मला दुसरा माहीत नाही.

२५ जानेवारी १९८७ला दूरदर्शनवर ‘रामायण’ सुरू झालं, पुढे ‘उत्तर रामायण’ आलं. त्यात पात्रं गद्यात बोलली; पद्य रवींद्र जैन यांच्या संगीतातून, बहुतांशी पार्श्वगायनात राहिलं. कथाही वाल्मीकींच्या वाटेने सीतेच्या भूमिप्रवेशापर्यंत गेली. भवभूतीची वाट वेगळी. बारा वर्षांनी पंचवटीत आलेला राम मूर्च्छित होतो, गंगेच्या वराने अदृश्य असलेली सीता त्याला स्पर्शाने सावध करते आणि सीतेची मैत्रीण वनदेवता वासंती त्याला तोंडावर जाब विचारते. इथे सीतेला धूसर करण्याचा मोह टाळावा. प्रेक्षकाला ती लख्ख दिसली पाहिजे, रामाची नजर तेवढी तिच्यावर ठरू नये; तिचा राग हळूहळू कसा निवळतो ते तिच्या चेहऱ्यावरच कळतं.

सातव्या अंकात नाटकातलं नाटक आहे. आपण टाकलेल्या सीतेचे हाल राम प्रेक्षक होऊन पाहतो. त्यानंतरही नुसत्या भेटीवर भागत नाही: वसिष्ठांची पत्नी अरुंधती प्रजेला सुनावते, लोक सीतेला वंदन करतात, तेव्हा कुठे पुनर्मीलन होतं. मालिकेची वेळ वाचवायला हा भाग कापला, तर दोष एकट्या रामाचा उरतो आणि अयोध्या सुटते.

परशुरामतात्या गोडबोल्यांनी एकोणिसाव्या शतकात हे नाटक मराठीत आणलं. आज पडद्यासाठी नवी संहिता लिहिणाऱ्याने निदान रामाची कबुली तरी पद्यात, नटाच्याच तोंडी ठेवावी.