पन्हाळा ज्वालामुखी न्हाई ओ भावांनो!

दर पावसाळ्यात तोच मेसेज फिरतो, पन्हाळा आणि जोतिबाचा डोंगर म्हणजे विझलेले ज्वालामुखी. दगड लाव्हाचाच आहे हे खरं, पण लाव्हा त्या डोंगरातनं वर आला नाही. साधारण 6.6 कोटी वर्षांपूर्वी जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या, त्यातनं पातळ लाव्हा थरावर थर पसरत गेला आणि नंतर पाण्यानं ते थर कोरून काढले, जे उरलं ते आपले डोंगर. गडाखाली उभं राहून बघा, जिन्यासारख्या पायऱ्या दिसतात, ते थरच की! वर टोपी जांभ्याची.

दुसरं म्हणजे सह्याद्री हिमालयासारखा नाही. हिमालय दोन भूखंडं धडकून घडी पडून उठला, आपला सह्याद्री म्हणजे पठाराची तुटलेली कड. पटत नसेल तर गगनबावड्याला जाऊन या, कोल्हापुरातनं जाताना मोठा घाट असा लागतच नाही, आणि करूळ घाटातनं वैभववाडीकडं उतरायला लागलं की मग कळतं किती उंचावर होतो ते (ब्रेक तपासून जावा बाबा).

असली कड फक्त आपल्याकडंच आहे असं पण नाही, दक्षिण आफ्रिकेतला ड्राकेन्सबर्ग डोंगर सेम, वर लेसोथो देशाचं लाव्हाचं पठार आणि पूर्वेला सरळ कडा, फक्त तो लाव्हा जवळपास 18 कोटी वर्षं जुना आणि उंची आपल्या कळसूबाईच्या, म्हणजे 1646 मीटरच्या, दुपटीहून जास्त.