गोव्यात ई-स्पोर्ट्स बारची फ्रँचायझी घ्यायची आहे? आधी जागेचे कागद काढा

परवाने आणि नोंदणीची कामं करताना एक प्रश्न मला हल्ली वारंवार ऐकू येतो. म्हापशात किंवा मडगावात घराखालचं दुकान रिकामं असतं, मुलाला गेमिंगचं वेड असतं आणि कुठली तरी साखळी फ्रँचायझी देऊ करते. मग घरचे विचारतात, टोकन भरू का? मी एवढंच म्हणतो, थांबा, आधी घराचे कागद दाखवा.

असं सांगण्यामागे कारण आहे. गोव्यात मद्यविक्रीचा परवाना ब्रँडला मिळत नाही. तो ठरावीक माणसाला किंवा संस्थेला ठरावीक जागेसाठी मिळतो. करार कितीही देखणा असला तरी जागा बसत नसेल तर बार उघडत नाही, आणि भरलेली फ्रँचायझी फी बहुतेक करारांत परत मिळत नाही. म्हणून क्रम असा ठेवा: जागा, मग माणूस, मग परवाने, आणि सगळ्यात शेवटी ब्रँड.

कल्पना तशी साधी आहे. ई-स्पोर्ट्स म्हणजे व्हिडिओ गेमच्या स्पर्धा. बारमध्ये गेमिंग पीसी आणि कन्सोल असतात, मोठ्या पडद्यावर सामने चालतात, गिऱ्हाईक खातं, पितं आणि खेळतं. पॅरिसमध्ये २०१२ साली सुरू झालेली मेल्टडाउन ही साखळी याच कल्पनेवर फ्रँचायझीतून युरोपभर पसरली. गोव्यात मात्र हे एका छपराखाली दोन धंदे ठरतात, बार आणि खेळ, आणि दोघांचे कायदे वेगळे आहेत.

जागा

एक-चौदाचा उतारा (जमिनीच्या नोंदीचा), बांधकाम परवाना, ऑक्युपन्सी दाखला (इमारत वापरायची परवानगी), घर क्रमांक, घरपट्टीची पावती आणि वीजबिल एका फाइलीत लावा. ऑक्युपन्सी दाखल्यावर ती जागा व्यापारी आहे की राहती, हे नीट वाचा. राहत्या घराच्या पडवीत बार काढायचा बेत इथेच अडतो. किनाऱ्याजवळ असाल तर गोवा किनारी विभाग व्यवस्थापन प्राधिकरणाचा प्रश्न सगळ्यात आधी सोडवा.

मालकी हा आपल्याकडचा नाजूक विषय. गोव्याच्या नागरी कायद्यात नवरा-बायकोची मालमत्ता सहसा सामाईक असते, त्यामुळे भाडेकरारावर दोघांचीही सही घ्या. वडिलोपार्जित घर असेल आणि इन्व्हेंटरी, म्हणजे वारसांमधली कोर्टामार्फत होणारी वाटणी, झालेली नसेल, तर एका भावाने दिलेला करार उद्या दुसरा भाऊ अडवू शकतो. पाच वर्षांच्या फ्रँचायझीसाठी अकरा महिन्यांचा भाडेकरार घेऊन बसलेले लोक मी पाहिले आहेत. तसं करू नका. दोन्ही मुदती जुळल्या पाहिजेत.

त्यानंतर अंतर. शैक्षणिक संस्था आणि धार्मिक स्थळापासून १०० मीटरच्या आत मद्याचा नवा परवाना सहसा मिळत नाही. आपल्या प्रत्येक वाड्यावर घुमटी (छोटं देऊळ) किंवा खुरीस (क्रॉस) असतो. तो धार्मिक स्थळ म्हणून धरायचा की नाही, हे स्वतःच ठरवून टाकू नका, अबकारी निरीक्षकाला जागेवर आणून विचारा. महामार्गालगतच्या जागेसाठी सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०१६ चा ५०० मीटरचा निर्णय आहे. कमी वस्तीच्या भागात हे अंतर २२० मीटर आहे, आणि पालिका हद्दीला नंतर सूट मिळाली. पर्वरीसारख्या ठिकाणी जागा बघणाऱ्याने हे लेखी विचारून घ्यावं.

माणूस

परवाना कोणाच्या नावावर असेल ते आधीच ठरवा: एकट्याची मालकी, एलएलपी (मर्यादित जबाबदारीची भागीदारी) की प्रायव्हेट लिमिटेड. एकट्याच्या नावावर परवाना घेऊन पुढे भागीदार आणला, तर अबकारी खात्याला कळवून मंजुरी घ्यावी लागते. मला वाटतं, दोघं-तिघं मित्र पैसे घालणार असतील तर पहिल्या दिवसापासून एलएलपी करावी. ओळखपत्र, पॅन, रहिवासी दाखला, फोटो, जागेचा हक्क दाखवणारा कागद आणि संस्था असल्यास तिची नोंदणी व भागीदारांची यादी लागते.

एक गोष्ट कळकळीने सांगतो. दुसऱ्याच्या नावावरचा जुना परवाना महिन्याच्या रकमेवर ‘घेऊन’ बार चालवू नका. ती वाट सोपी दिसते, पण काही बिघडलं तर ज्याचं नाव कागदावर आहे तो अडकतो आणि ज्याचे पैसे आत आहेत त्याला उभं राहायला जागा उरत नाही. ‘परवाना तुमचा, बार आम्ही चालवू’ असं म्हणणाऱ्या फ्रँचायझीच्या प्रकारातही हाच धोका आहे. काउंटरवर कंपनीची माणसं असली तरी जबाबदार तुम्हीच राहता.

परवान्यांचा क्रम

सुरुवात पंचायतीतून किंवा पालिकेतून होते. व्यापार परवाना आणि ना हरकत दाखला तिथून, आरोग्याचा दाखला प्राथमिक आरोग्य केंद्रातून. गोवा राज्य प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती दोन टप्प्यांत असते, उभारणीसाठी एक आणि चालवण्यासाठी दुसरी. अन्न परवाना ऑनलाइन फॉस्कॉस पोर्टलवर मिळतो. मद्यही अन्नसुरक्षा कायद्याखाली येतं, म्हणून स्वयंपाकघर नसलं तरी त्याची गरज आहे. मद्याचा अर्ज तालुक्याच्या अबकारी कार्यालयातून पुढे जातो. जीएसटीची नोंदणी आणि मद्यावरच्या व्हॅटची नोंदणी वेगवेगळी करायची.

अग्निशमन दाखल्याकडे केवळ एक कागद म्हणून बघू नका. डिसेंबर २०२५ मध्ये हडफड्याला नाइटक्लबमध्ये आग लागून २५ जण गेले. गेमिंग बारमध्ये तर खिडक्या झाकलेल्या असतात, भिंतींवर आवाज शोषणारा फोम असतो आणि टेबलांखाली वायरींचं जाळं असतं. २० पीसी सरासरी ५०० वॅटनी धरले तरी १० किलोवॅट भार होतो, एसी आणि स्वयंपाकघर वेगळं. वीज खात्याकडून मंजूर भार आधी वाढवून घ्या. बाहेर पडायचे दोन रस्ते ठेवा, आणि दुसऱ्या रस्त्यावर बिअरचे क्रेट रचू नका.

वेळेचाही विचार करा. पॅरिसमध्ये उन्हाळ्यात रात्रीचे आठ वाजतात तेव्हा आपल्याकडे साडेअकरा झालेले असतात. युरोपातले अंतिम सामने दाखवायचे तर अबकारीकडून वाढीव वेळेची परवानगी वेगळं शुल्क भरून घ्यावी लागेल. रात्री दहानंतर आवाज बाहेर जाता कामा नये, तेव्हा ध्वनिरोधनाचा खर्च पहिल्याच अंदाजपत्रकात धरा.

खेळाचे नियम

घरी विकत घेतलेला गेम बारमध्ये पैसे घेऊन खेळायला देता येत नाही. बहुतेक गेमचा आणि कन्सोलचा परवाना वैयक्तिक वापरापुरता असतो. पीसी गेम विकणाऱ्या स्टीम या ऑनलाइन दुकानाची पीसी कॅफेंसाठी स्वतंत्र योजना आहे. बाकी प्रकाशकांचे स्पर्धांचे नियम वेगवेगळे असतात. फ्रँचायझी देणाऱ्याला स्पष्ट विचारा: हे व्यावसायिक परवाने तुम्ही देणार की मी काढायचे? उत्तर करारात लिहून घ्या.

आता पैशांच्या स्पर्धा. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगचा कायदा केला. त्यात ई-स्पोर्ट्सला मान्यता आहे आणि पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी आहे. असा खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक कोटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतं. ई-स्पोर्ट्समध्ये प्रवेश शुल्क आणि बक्षीस चालतं, पण तो खेळ राष्ट्रीय क्रीडा प्रशासन कायद्याखाली मान्यताप्राप्त आणि ऑनलाइन गेमिंग कायद्याखालच्या प्राधिकरणाकडे नोंदलेला असावा लागतो. म्हणजे शुक्रवारी रात्री तुमच्या बारमध्ये माणशी ३०० रुपये गोळा करून जिंकणाऱ्याला रोख देण्याची स्पर्धा आपोआप ई-स्पोर्ट्स ठरत नाही. माझा सल्ला असा: तासाचं भाडं घ्या, स्पर्धेचं प्रवेश शुल्क घेऊ नका आणि बक्षीस प्रायोजकाकडून द्या. गिऱ्हाइकांनी सामन्यावर आपापसात पैज लावली तरी ती थांबवा. मांडवीत कॅसिनो चालतात म्हणून गोव्यात सगळंच चालतं, हा गैरसमज आहे. १९७६ च्या जुगार कायद्यात सूट फक्त पंचतारांकित हॉटेलं आणि जहाजांपुरती आहे.

वयाचा प्रश्न या धंद्यात सगळ्यात अवघड आहे. गोव्यात २१ वर्षांखालच्या व्यक्तीला मद्य विकता येत नाही, आणि गेमिंगचं बरंचसं गिऱ्हाईक त्याच वयाचं असतं. नकाशा काढतानाच खेळाचा भाग आणि बार काउंटर वेगळे ठेवा, दारावर ओळखपत्र बघा, मनगटाला दोन रंगांचे पट्टे द्या. कॉलेजच्या मुलांवर चालणारा बार असा हिशेब कोणी मांडत असेल, तर त्याच्याशी करार करू नये.

शेवटी ब्रँडचा करार

भारतात फ्रँचायझीसाठी वेगळा कायदा नाही. फ्रान्समध्ये सही होण्याच्या किमान २० दिवस आधी ब्रँडने आपली माहिती लेखी द्यावी लागते, अमेरिकेत १४ दिवस आधी. आपल्याकडे ती आपणच मागून घ्यायची: किती शाखा उघडल्या, किती बंद पडल्या, चालवणाऱ्यांचे फोन नंबर, तीन वर्षांचे ताळेबंद. ट्रेडमार्क नोंदणी सार्वजनिक पोर्टलवर फुकट तपासता येते. बारसाठी वर्ग ४३ आणि मनोरंजनासाठी वर्ग ४१, दोन्हींत नाव नोंदलेलं आहे का ते बघा. फक्त अर्ज केलेला असेल तर तसं करारात लिहायला लावा.

रॉयल्टीचं गणित बहुतेकांच्या हातून सुटतं. समजा महिन्याची विक्री १० लाख आणि रॉयल्टी ६ टक्के. ६०,००० रुपयांवर १८ टक्के जीएसटी, म्हणजे आणखी १०,८००. रेस्टॉरंटचा ५ टक्क्यांचा जीएसटी इनपुट क्रेडिटशिवाय (खरेदीवर भरलेल्या कराच्या वजावटीशिवाय) असतो आणि मद्य जीएसटीच्या बाहेर आहे, त्यामुळे हा कर बराचसा परत मिळत नाही. तुमची रॉयल्टी खरं तर ७.०८ टक्क्यांच्या आसपास जाते. ती व्हॅट वजा करून उरलेल्या विक्रीवर धरली जाईल, हेही लिहून घ्या, नाहीतर सरकारच्या करावरही तुम्ही ब्रँडला पैसे द्याल.

करार संपला की फलक, रंगसंगती आणि नाव ब्रँडकडे जातं. मद्य परवाना, जागा आणि पीसी तुमच्याकडे राहतात, हे स्पष्ट असू द्या. ‘पुढे दोन वर्षं असा धंदा करायचा नाही’ अशी अट असेल तर वकिलाला दाखवल्याशिवाय सही करू नका. आणि अबकारी परवाना ठरलेल्या मुदतीत मिळाला नाही तर टोकन पूर्ण परत मिळेल, ही अट पहिल्या मसुद्यातच घालून मागा. ब्रँड ती मान्य करेपर्यंत चेक फाडू नका.