बिनखोगीर स्वारी

खोगीर आणि रिकिबी न वापरता, घोड्याच्या उघड्या पाठीवर बसून केलेली स्वारी. तिने स्वाराची मांड पक्की होते. घोड्याची पाठही आपोआप बळकट होते असे अनेकजण धरून चालतात. ते खरे नाही. खोगिराचा सांगाडा वजन कण्याच्या दोन्ही बाजूंना पसरवतो, तर इथे ते स्वाराच्या बैठकीच्या दोन हाडांखाली एकवटते. त्यामुळे सुरुवातीला १०-१५ मिनिटे, तीही साध्या चालीत, पुरे. हाडकुळ्या, कणा वर आलेल्या घोड्यावर अशी स्वारी करूच नये.

चढताना ओटा घ्यावा. जमिनीवरून उडी मारून लोंबकळल्यास पाठ एका अंगाला ओढली जाते. आयाळ संपते त्या उंचवट्याच्या लगेच मागे बसावे, मांड्या सैल, पाय लोंबते. तोल गेला की नवशिका पोटऱ्या आवळतो. घोड्याच्या लेखी तो ‘चल’ असा इशारा! तो वेग वाढवतो, स्वार आणखी आवळतो. पुढचे सांगायला नको. अशा वेळी मूठभर आयाळ धरावी. लगामाला लटकू नये, झटका थेट तोंडाला बसतो. दुडकी आधी पाच-सहा पावलांचीच.

घोड्याला कॉलर बोन नसते. त्याचे धड पुढच्या पायांमध्ये स्नायूंच्या झोळीत टांगलेले असते. पोटाचे स्नायू काम करतात तेव्हा पाठ उचलली जाते, ते ढिले पडले की खचते. ही ताकद मुख्यतः जमिनीवरच्या कामातून येते. थोडे चालवून अंग गरम झाल्यावर गाजर दाखवून हनुवटी छातीकडे, मग गुडघ्यांमध्ये, मग पुढच्या खुरांजवळ न्यावी. बाजूंना तंगाच्या (खोगीर आवळण्याचा पोटाखालचा पट्टा) जागेकडे आणि कुशीकडे. प्रत्येक ताण सुमारे ५ सेकंद, ५ वेळा, दोन्ही अंगांना सारखाच. घोडा मान तिरकी पिळू लागला किंवा पाय हलवू लागला तर गाजर फार लांब गेले आहे, जवळ आणावे. तंगाच्या जागी पोटाखालून बोटांनी हळूहळू दाबले की पाठ वर येताना डोळ्यांना दिसते. लाथ मारणाऱ्या घोड्यावर हा प्रयोग नको. जोडीला चढावर चालवणे, चार-पाच पावले सरळ मागे सरकवणे आणि जमिनीवर ठेवलेल्या काठ्यांवरून दुडकी: अंतर साधारण १.२ ते १.४ मीटर, घोड्याच्या पावलानुसार कमीजास्त. अंतर चुकले की तो काठीला ठेचकाळतो किंवा उडीच मारतो.

स्वारीनंतर कण्याच्या दोन्ही बाजूंनी बोटे फिरवावीत. पाठ एकदम खाली दबली, कान मागे गेले, शेपटी झटकली, तर दुखणे उतरेपर्यंत स्वारी बंद.