चंद्रपूरच्या कोळशाला एवढी राख का?

घुग्घुस किंवा बल्लारपूरकडच्या दगडी कोळशाचा तुकडा उन्हात जरा फिरवून बघा. तो सगळीकडे सारखा काळा नसतो. एक पट्टी काचेसारखी चकाकते, तिच्या खालची मंद, मातकट दिसते. चकाकणारी पट्टी लाकूड आणि सालीपासून झालेली. मंद पट्टीत गाळ बराच. राखेचं कोडं या मंद पट्टीत आहे.

25 ते 30 कोटी वर्षांपूर्वी आपली जमीन गोंडवन या महाखंडाचा भाग होती. (नाव गोंडांच्या मुलखावरून पडलेलं, आणि चंद्रपूर तर गोंड राजांची राजधानी!) तेव्हा इथे ग्लॉसॉप्टेरिस नावाच्या, आता नामशेष झालेल्या झाडांची जंगलं होती. नद्यांच्या पुरात झाडंझुडपं वाहून खोलगट भागात साचली, पण त्यांच्यासोबत गाळही आला, असं मानलं जातं. हा गाळ जळत नाही, राख होऊन मागे उरतो. म्हणून आपल्या कोळशात 30 ते 45 टक्के राख सर्रास निघते. वीजकेंद्राकडे शंभर गाड्या कोळसा गेला, तर तीस-चाळीस गाड्यांइतकं ओझं फुकटच वाहिलं म्हणायचं. जमेची बाजू एकच: या कोळशात गंधक कमी.

राख वेगळी आणि कोळशाची प्रत वेगळी. प्रत ठरते ती गाडलं गेल्यावर मिळालेल्या उष्णतेवर आणि दाबावर. पीटचा, म्हणजे दलदलीत साचलेल्या अर्धवट कुजलेल्या झाडपाल्याचा, लिग्नाइट होतो, मग बिट्युमिनस, शेवटी अँथ्रासाइट. तमिळनाडूतल्या नेयवेलीचा लिग्नाइट तपकिरी, त्यात निम्मं पाणीच. अँथ्रासाइट आपल्याकडे जवळजवळ नाहीच. पोलादाच्या भट्टीला लागणारा कोक (हवा न लागू देता तापवलेला कोळसा) झारखंडमधल्या झरियाच्या कोळशाचा होतो. चंद्रपूरचा जातो बॉयलरमध्ये.

भूमिगत खाणीत बोगदे खोदताना कोळशाचेच जाडजूड खांब छताला आधार म्हणून सोडतात, म्हणजे बराच कोळसा आतच अडकतो. आता देशातला बहुतेक कोळसा खुल्या खाणींतून येतो. आधी काळी माती, मग वालुकाश्म असं थरावर थर उचलून बाजूला टाकायचं, तेव्हा कुठे कोळसा उघडा पडतो. पण उघड्या कोळशाला हवा लागली की तो आतून तापतो, कधीकधी आपोआप पेटतोही. गावाच्या कडेला उभ्या राहिलेल्या टेकड्या याच उपसलेल्या दगडमातीच्या. तिथल्या शेलच्या (चिखलापासून झालेल्या पापुद्र्यांच्या खडकाच्या) एखाद्या कपचीवर कधी जिभेच्या आकाराच्या पानाचा ठसा दिसतो, मधली शीर अगदी ठळक. तेच ते ग्लॉसॉप्टेरिस.